बाबू कासाराचा दगड

लोक म्हणतात, म्हातारपणी विसरायला होतं. माझं उलटंच झालंय. सकाळी गोळी घेतली का नाही ते आठवत नाही, पण विलासआबांच्या त्या पडवीत जे जे घडलं ते मांडणीवरच्या भांड्यांसारखं एकात एक बसलंय. एक काढायला जावं तर चार अंगावर येतात! नात म्हणाली, "आज्जी, तू एकेक सांग, मी लिहून घेते." मला सहीपुरतं येतं. तेव्हा लिहिण्यातली चूक तिची, बोलण्यातली माझी.

आधी ठिकाण सांगते. बारामतीकडून सणसरला जाताना, कालव्याच्या कडेला, उसाच्या मधोमध विलासआबांचं कृषी पर्यटन केंद्र आहे. परदेशी पाहुणे येतात, राहतात, शेत बघतात, जेवतात. फाटकावर इंग्रजी पाटी आहे. नातीनं वाचून दाखवली, "खराखुरा भारत पाहा." म्हटलं, मग तुझं बारामतीतलं कॉलेज खोटं का गं?

माणसं म्हणाल तर मोजकी. भाकऱ्यांवर मी, सरू. कुणी आक्का म्हणतं, कुणी आज्जी. अंगण, गोठा, भाजी निवडणं शांताकडं. ती बुद्धविहाराशेजारी राहते, पोरगा इंजिनिअर आहे, घर दुमजली. पण हात रिकामा राहवत नाही म्हणून कामाला येते. वाढायला कमळ, आमच्यात सगळ्यांत लहान. तिच्या दोन्ही हातांत डझन-डझन हिरव्या काचेच्या बांगड्या. ती पंगतीत आली की आधी बांगड्या यायच्या, मग आमटी! अन् आबांचा पुतण्या महेश, तो गाईड. त्याला इंग्रजी फाडफाड येतं. खरं बोलायला तेवढं येत नाही.

*

केंद्र सुरू झालं तेव्हा आबांनी झकास किचन बांधलं. कडाप्पाचा ओटा, दोन मोठ्या शेगड्या. पहिली बॅच आली, अकरा गोरी माणसं. त्यातल्या एका बाईनं आत डोकावलं, शेगडी बघितली, अन् तिचं तोंड असं पडलं की मला वाटलं ओट्याखाली मेलेला उंदीर दिसला हिला! महेश आबांच्या कानाला लागला, "आबा, त्यास्नी चूल पायजे. गॅस त्यांच्या घरी बी हाय."

दुसऱ्या दिवशी पडवीत चूल. गॅस गेला मागं, बांबूच्या तट्ट्याआड.

शांता म्हणाली, "माझी सासू धुरानं आंधळी झाली तवा कुठं आमच्यात गॅस आला. आता त्यो चोरावानी लपवायचा व्हय?"

लाकडं नेमकी ओली. धूर म्हणजे काय धूर! भाकऱ्या एका अंगानं करपल्या, एका अंगानं कच्च्या. शेवटी तट्ट्याआड जाऊन गॅसवर भाजल्या अन् त्याच वाढल्या. त्या बाईनं पहिला घास घेतला, डोळे मिटले, अन् महेशला काहीतरी म्हणाली.

"काय म्हणतीया?"

"म्हणतीया, ह्यो धुराचा वास... हजारो वर्षांचा भारत जिभेवर उतरला!"

तट्ट्याआडून शांताचा आवाज आला, "आक्का, सिलिंडर संपत आलाय. हजारो वर्षं जरा जपून वापर!"

हसलो तेव्हा. आता रस्त्यानं जाताना बघते, दर दुसऱ्या हॉटेलावर "चुलीवरची भाकरी" अशी पाटी. आत आमच्याच सुना-लेकी पदरानं डोळे पुसत बसलेल्या. ज्या धुरातून सुटायला आमच्या सासवांनी नवस केले, तो पाहुण्यांना आवडला म्हणून आमची संस्कृती झाला!

*

बैलांचं ऐका. आबांच्या घरात बैल नाहीत, वीस वर्षं झाली. दोन ट्रॅक्टर आहेत. पण फोटोत ट्रॅक्टर आला की पाहुण्यांना चालत नाही. म्हणून लोणी भापकरहून एकाची खिल्लारी जोडी बोलवायची. आता तिथून इथवर बैल चालत कोण आणणार? ते टेम्पोतनं यायचे! उसाच्या मागं उतरायचे, झूल घालायची, गाडीला जुंपायचे, अन् मग घुंगरं वाजवत पाहुण्यांपुढं.

एकदा एक पाहुणा लवकर उठला अन् पाय मोकळे करायला उसाच्या मागं गेला. बघतो तर बैल टेम्पोतनं उतरतायत! महेश पळत गेला. आम्ही म्हटलं, झालं, पितळ उघडं पडलं. महेश बोलून परत आला तो हसतच.

"काय सांगितलंस रं?"

"म्हणलं, बैल दमल्यात, म्हणून त्यास्नी टेम्पोतनं फिरवून आणलं."

पाहुणा घरी गेल्यावर त्यानं लिहिलं म्हणे, "या देशात जनावरांवर माणसांपेक्षा जास्त माया करतात." आबांनी ते छापून भिंतीला लावलंय. शांता म्हणाली, "ह्ये मातुर त्यानं बरोबर वळखलं!"

*

माझी उजवीकडची खालची दाढ. दुखायला लागली की दुसरं काही सुचायचं नाही. त्या दिवशी लवंग दाबून धरली अन् लिंबाच्या पारावर डोळे मिटून बसले, हात मांडीवर. किती वेळ गेला कुणास ठाऊक. डोळे उघडले तर समोर तीन पाहुणे मांडी घालून, डोळे मिटून बसलेले! एकाच्या गालावर पाणी. मला वाटलं, गेलं का काय कुणी!

उठले, तर तिघं पाया पडले. तोंड उघडावं तर लवंग पडेल, म्हणून गप्पच. महेशनं लगेच सांगून टाकलं, "आज्जीचं मौन हाय."

आबा म्हणाले, "आक्का, रोज अकराला बसत जा."

बारामतीला जाऊन दाढ काढली. बसणं राहिलंच. महिनाभर बसले, दोन महिने बसले. पाहुणे यायचे, समोर बसायचे, पाया पडायचे. मग एक बॅच अशी आली की तिनं माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. मोबाईल धरून सरळ उसाकडं. अन् खरं सांगू? मला राग आला! घरी येऊन सुनेला म्हटलं, "काय माणसं तरी, समोर कोण बसलंय ते वळखू येत न्हाय!"

सून भाजी चिरत होती. मान वर न करता म्हणाली, "आत्या, दाढ काढलीया तुमची."

*

एक पोरसवदा पाहुणा आला होता. दाढी, चष्मा, वही. देशाबद्दल पुष्कळ वाचून आलेला. त्यानं सगळ्यांपुढं आबांना विचारलं, अन् महेशनं आवाज बारीक करून सांगितलं, "इचारतोय, हितं शिवाशीव पाळत्यात का?"

आबा मोठ्यानं हसले. "सांग त्याला, आमच्यात तसलं काय न्हाय. आमी समदी एक!"

पोरानं लिहून घेतलं. मग त्यानं विचारलं, इथं पूर्वी ज्यांना शिवत नव्हते त्यांच्यातलं कुणी आहे का. महेशनं शांताकडं बोट केलं. ती अंगण झाडत होती. तो पोरगा खुशीत म्हणाला, मग या बाईंनी आबांना पाणी द्यावं, मी फोटो काढतो.

आता पाण्याचं सांगते. शांता पाच वर्षं कामाला होती. माठाला हात लाव असं तिला कुणी म्हटलं नव्हतं. लावू नको, असंही कुणी म्हटलं नव्हतं. पाणी मीच द्यायचे. तो नियम कुठं लिहिलेला नव्हता, म्हणून मोडायचंही कुणाला सुचलं नाही. मलासुद्धा नाही.

शांतानं केरसुणी ठेवली. हात धुतले, माठातनं तांब्या भरला, पेल्यात ओतलं अन् आबांपुढं धरला. आबांनी पेला घेतला. क्षणभर त्यात बघत राहिले. मग प्यायले.

पोरगा म्हणाला, फोटो हलला. पुन्हा!

पुन्हा प्यायले. या खेपेला उन्हाचा कवडसा आडवा आला. तीन पेले झाले तेव्हा कुठं फोटो निघाला!

संध्याकाळी शांता म्हणाली, "आक्का, पाच वर्सांत न्हाय झालं ते फोटू हलला म्हणून तीनदा झालं. पाव्हणं रोज यायला पायजेत बघ."

दुसऱ्या दिवशी पाहुणे नव्हते. आबांना तहान लागली. शांता माठाशेजारीच मेथी निवडत बसली होती. आबांनी पडवीतनं हाक मारली, "सरूआक्का, पाणी!"

*

आता दगडाचं सांगते. हे सांगायचं नव्हतं, पण ते सांगितल्याशिवाय कमळचं कळायचं नाही.

केंद्राच्या मागं तो लिंब आहे. मी लग्न होऊन आले तेव्हा त्याच्याखाली आठवड्याचा बाजार भरायचा. बाबू कासार तिथं बांगड्या घेऊन बसायचा. आम्हा बायकांना अक्षर येत नव्हतं, मग पाटी लिहून काय उपयोग? म्हणून त्यानं, पाट्या-वरवंट्याला टाकी लावत फिरणाऱ्या पाथरवटाकडून एका दगडावर हात कोरून घेतला. कोपरापासून उभा हात, मनगटभर बांगड्या, वर चंद्र-सूर्य. चंद्र-सूर्य असेतोवर धंदा चालू दे म्हणून! मजुरी काय, तर पाथरवटाच्या बायकोला चुडा भरला. तो दगड दिसला की कळायचं, कासार हितं.

त्या दगडाला टेकून आम्ही किती हसलोय! सासवांच्या नकला तिथं, पोटुशीला डोहाळे विचारणं तिथं. माझी मैत्रीण येशोदा पहिला चुडा भरताना तिथंच मोठ्यानं रडली होती अन् बाबू म्हणाला होता, "पोरी, काकण घालतुय, बेडी न्हवं!"

माझे मालक गेले तेव्हा मी चाळिशीची. महिन्यानं बाजाराला गेले. मान खाली घालून दगडापुढनं निघाले तर बाबूनं हाक मारली, "सरूवैनी, हात मोकळा बघवत न्हाय. आणा हिकडं." दोन साध्या काचेच्या भरल्या. म्हणाला, "कुणी इचारलं तर माझं नाव सांगा." त्या दिवसापासून माझ्या हातात दोन कायम. माझ्यामागं आणखी चार-पाच जणींना त्यानं तशा भरल्या. गाव काही बोललं नाही. पुढं बाबू वारला, बाजार हलला, दगड राहिला. आम्ही त्याच्यावर गोधड्या आपटायचो.

मग, कोरोनाच्या आधी, मार्था नावाची पाहुणी आली. पांढरे केस, जाड वही. देशावर पुस्तक लिहीत होती. दोन दिवस हिंडली. तिला काय दिसावं, तर ऊस, कालवा, कारखान्याची चिमणी, मोटरसायकली. महेशला म्हणाली म्हणे, इथं गोष्टच नाही. आबा काळजीत पडले. पुस्तकात केंद्राचं नाव आलं असतं ना!

तिसऱ्या दिवशी तिला दगड दिसला. त्याच्यावर ओली गोधडी होती, ती तिनं बाजूला केली. कोरलेल्या हातावर आपला हात फिरवला अन् विचारलं, हे काय?

महेश क्षणभरही थांबला नाही. काहीतरी बोलला. बाईचा हात तोंडावर गेला. मग तिनं माझ्याकडं बघितलं.

"काय सांगितलंस रं तिला?"

महेश तोंडावर हसू ठेवून मराठीत म्हणाला, "सतीच्या दगडावर बी असाच हात असतोय. हितं एक बाई नवऱ्यामागं सती गेली म्हणलं. आज्जी, नुसती मान हलव."

मी मान हलवली.

मार्थानं दगडावर कपाळ टेकलं. मला मिठी मारून रडली. गरम पाणी माझ्या खांद्यावर पडलं. मी म्हटलं, एवढ्या लांबून आलेली बाई, एका मानेनं तिचं समाधान होतंय तर आपलं काय जातंय!

पुस्तक आलं. उशीएवढं जाड. आमचा अख्खा देश त्यात होता म्हणे. दगडाचा फोटो, शेजारी माझा. खाली काय लिहिलंय ते महेशनं वाचलं, "हिच्या डोळ्यांत ती आग अजून धुमसते आहे."

म्हटलं, "आग कसली मेल्या, मोतीबिंदू हाय त्यो!"

*

वर्षा-दोन वर्षांनी पुण्याची एक शिकलेली बाई पोरांना घेऊन आली. दगड लांब होता तेवढ्यातच तिनं चपला काढल्या. पोरांना काढायला लावल्या. हात जोडून त्यांना सांगायला लागली, इथं एक सती गेली होती बरं का.

मला राहवलं नाही. "बाई, ह्यो कासाराचा दगड हाय. माझ्या म्होरं बसायचा त्यो हितं."

तिनं माझ्याकडं अशा मायेनं बघितलं, जसं तापात बडबडणाऱ्याकडं बघतात. "आजी, तुम्हाला कुणी सांगितलं नसेल. परदेशातल्या अभ्यासकांनी शोधून काढलंय हे. पुस्तकात आहे."

"अवो, त्या पुस्तकात मीच हाय!"

तिनं मोबाईलमध्ये पुस्तकातला तो फोटो उघडला. एकदा त्याच्याकडं बघितलं, एकदा माझ्याकडं. म्हणाली, "तेच म्हणतेय मी. त्यात तुम्ही हो म्हणालाय."

*

पुढं कुणी शेंदूर लावला ते कळलं नाही. अमावस्येला नव्हता, पाडव्याला होता. मग वर पत्र्याचं शेड आलं, मग आबांनी फरशी केली. नाव पडलं, चुडासती आई. कोऱ्हाळ्यापासून बायका ओटी भरायला यायला लागल्या. पोरांनी मोटरसायकलींवर लिहून घेतलं, सतीच्या गावचे. आधी आम्हाला कुणी विचारलं की आम्ही म्हणायचो, कालव्याकडचे. आता लग्नाच्या बैठकीतसुद्धा आधी सती सांगतात, मग एकर!

शांता म्हणाली, "आक्का, गोधड्या आता कुठं आपटायच्या?"

सगळ्यांत कमाल येशोदेची. ओट्या भरणाऱ्या बायकांना सांगत होती, तिच्या आज्जीनं ती सती जळताना डोळ्यांनी बघितली. मी तिला बाजूला घेतलं.

"येशे, पहिलं काकण भरताना तू हितंच रडली हुतीस. बाबू काय म्हणाला ते आठवतंय का?"

"आठवतंय की. काकण घालतुय, बेडी न्हवं."

"मग?"

येशोदा विचारात पडली. खोटं बोलत नव्हती ती, तिच्या डोळ्यांत दिसत होतं. म्हणाली, "ते बी आठवतंय सरे. पन आता सती बी आठवतीया."

*

कमळचा नवरा कारखान्याला उसाच्या डबल ट्रॉल्या ओढायचा. कालव्याच्या वळणावर मागची ट्रॉली कलंडली, तिनं ट्रॅक्टरही ओढून नेला. कमळ बत्तीस वर्षांची.

दहाव्याच्या आदल्या दिवशी मी तिच्याजवळ बसले होते. माझ्या हातातल्या दोन बांगड्यांना बोट लावून ती म्हणाली, "आज्जी, तुमच्यासारक्या दोन तरी ठिवू देतील न्हवं? पार मोकळा हात कधीच नव्हता माझा. झोपेत बी वाजायचा."

म्हटलं, "ठिवतील की. तेवढा रिवाज हाय आपल्यात. कोण इचारतंय?"

दहाव्याला बायका जमल्या. मी म्हटलं, दोन राहू द्या. लगेच एक म्हणाली, "सतीच्या गावात? आईनं जिता देह जाळला, न हिला दोन काकणं सोडवंनात?"

"अगं, सती-बिती काय न्हाय ती! बाबू कासाराचा..."

येशोदा म्हणाली, "सरे, पुस्तकात फोटू कुणाचा हाय?"



कमळला लिंबाखाली नेलं अन् बांगड्या फोडल्या. कशावर? त्याच दगडावर. बाबू कासाराच्या.

महिन्यानं ती कामाला आली. आबा म्हणाले, "कमळ, तू मागं भांड्यांवर बस. वाढायला नगं. पाव्हण्यांचं काय न्हाय गं, पन आपल्या लोकांचं बघावं लागतं." तेव्हापासून ती मागं. भांडी अशी घासायची की काही वाजू नये.

*

गेल्या हिवाळ्यात मार्था परत आली. आणखी म्हातारी झालेली, बरोबर कॅमेरेवाले दोघं. पुस्तकाची फिल्म करायची होती. शनिवारी सकाळी दगडापुढं मी पाहिजे म्हणाली. आबांनी फेटा बांधला. गावच्या बायका नेसून-बिसून आल्या, येशोदा पुढं. तरणी पोरं शेडला टेकून उभी.

मी आदल्या दिवशी बारामतीहून एक डझन हिरव्या बांगड्या आणल्या होत्या. शांताला तेवढं माहीत होतं.

कॅमेरा सुरू झाला. मार्था माझ्याकडं बघून हसली. मी तिच्याशेजारनं सरळ किचनच्या मागं गेले. कमळचे हात राखेनं भरलेले. एका बाजूनं मी धरली, एका बाजूनं शांतानं.

"आज्जी, कुठं?"

"गप चल."

दगडापुढं बसवली. शांतानं तांब्यातलं पाणी तिच्या हातांवर घातलं. मी अंगठ्याचं हाड दाबलं, बाबू दाबायचा तसं, अन् पहिली बांगडी सरकवली. दुसरी सरकवली. तिसरी.

"अगं सटवे!" येशोदा ओरडली. "आईच्या म्होरं काय चाललंय ह्ये!"

दोन पोरं शेडपासून पुढं झाली. एकानं माझ्या खांद्याला धरलं. आबा फेटा सावरत उठले. अन् तेवढ्यात मार्थानं, कॅमेरा तसाच चालू, दम रोखून महेशला विचारलं, हे काय चाललंय?

महेशनं आबांकडं बघितलं. पोरांकडं बघितलं. कॅमेऱ्याकडं बघितलं. कपाळाला घाम. मग घसा खाकरून तो इंग्रजीत बोलायला लागला, अन् पहिल्या दोन वाक्यांनंतर त्याला मजाच आली.

मार्थाचे डोळे भरले. पोरानं माझ्या खांद्यावरचा हात काढला, कारण कॅमेरा त्याच्याकडं वळला होता.

"काय सांगितलंस रं?" आबांनी दातांत विचारलं.

"म्हणलं, ही हितली हजार वर्षांची परंपरा हाय. इधवा झालेल्या बाईला सती आई सोताचा चुडा देते."

आबांनी हात जोडले! येशोदेनं कॅमेऱ्याकडं बघितलं, पदर नीट केला, पुढं आली अन् करंड्यातलं कुंकू कमळच्या कपाळाला लावलं. कॅमेऱ्यात बघत!

मार्था माझ्याकडं वळली. महेश काही सांगायच्या आत मी मान हलवली.

त्या दिवशी पंगतीत कमळनं वाढलं. आधी बांगड्या आल्या, मग आमटी. शांता भाजी निवडताना हसत होती अन् डोळे पुसत होती. आठवडाभर कमळ भांडी नुसती आपटत होती, वाजावीत म्हणून!

शुक्रवारी दुपारी आबा मागच्या दारी आले.

"आक्का, उद्या बॅच हाय. मार्थाबाईनं धाडलीया. त्यास्नी चुडा भरताना बघायचाय."

"भरलाय की आबा."

"भरलाय, म्हणूनच म्हणतोय. उतरवावा लागंल. फोडू नगा, त्याच लागत्यात."

तेव्हापासून चाललंय. शनिवारी भरायच्या, शुक्रवारी उतरवायच्या. पाहुणे विचारतात, हिचा नवरा जाऊन किती दिवस झाले? महेश सांगतो, गेल्याच आठवड्यात. पाहुणे रडतात. येशोदा कुंकू लावते.

परवाच्या शुक्रवारी कमळ नेहमीसारखी माझ्यापुढं बसली. मी तिचा हात मांडीवर घेतला, पाणी लावलं. मनगटावर घट्टे पडलेत आता.

"आज्जी."

"काय गं?"

"मालक एकदाच मेलं हुतं. आता दर शुक्रवारी मरत्यात."

मी साबण लावला. म्हटलं, "हात सैल सोड."